अपील आणि वसुली : एका अनुक्त अधिकाराचा इतिहास

करनिर्धारण चुकीचे आहे असे वाटल्यास अपील करण्याचा हक्क करदात्यास कायद्याने दिला. परंतु त्या अपिलाचा निर्णय होईपर्यंत त्याच्या मिळकतीचे काय व्हावे, हा प्रश्न दीर्घकाळ अधांतरीच राहिला होता. गोमंतकात भारतीय आयकर कायदा १ एप्रिल १९६३ पासून लागू झाला आणि त्या दिवशी तो प्रश्न आपलाही झाला.

१९२२ च्या कायद्यात पहिले अपील प्रलंबित असेतो करदात्यास कसूरदार न मानण्याची मुभा होती खरी, पण ती आयकर अधिकाऱ्याच्या मर्जीवर. ज्याने मागणी काढली त्याच्याकडेच दयेची याचना करावयाची! १९६१ च्या कायद्यानेही कलम २२०(६) मध्ये हीच व्यवस्था पुढे चालविली. त्याहून वरच्या पायरीवर, म्हणजे १९४१ साली स्थापन झालेल्या अपील न्यायाधिकरणापुढे प्रकरण गेल्यावर वसुली थांबविण्याविषयी मात्र कायदा मौनच होता. अपील जिंकावे आणि तोवर घराचा लिलाव होऊन जावा, असा विपरीत प्रसंग त्यामुळे संभवत असे.

हे मौन भंगले ते केरळातील कण्णूर येथील मोहम्मद कुन्ही प्रकरणात. आपणांस स्थगितीचा अधिकारच नाही, असे सांगून न्यायाधिकरणाने करदात्याचा अर्ज फेटाळला. उच्च न्यायालयाने उलट मत दिले, आणि आयकर अधिकारी सर्वोच्च न्यायालयात गेले. ११ सप्टेंबर १९६८ रोजी न्यायमूर्ती ग्रोव्हर यांनी निर्णय दिला की, अपील ऐकण्याच्या अधिकारातच ते निष्फळ होऊ न देण्याचा अधिकार अनुस्यूत आहे. मात्र स्थगिती सरसकट देऊ नये; प्रथमदर्शनी बाजू भक्कम असावी आणि वसुलीने अपिलाचा हेतूच विफल होत असावा, ही मर्यादाही त्यांनी घातली. कायद्यात एक अक्षरही न बदलता करदात्यास केवढा आधार लाभला!

परंतु स्थगिती मागावयाची तर अपील मुदतीत हवे, किंवा विलंबाचे सबळ कारण तरी दाखविता आले पाहिजे. ‘प्रत्येक दिवसाच्या विलंबाचा खुलासा द्या’ हे वचन न्यायालयांत अनेकांना ऐकावे लागले आहे. १९ फेब्रुवारी १९८७ रोजी काश्मीरातील अनंतनागच्या भूसंपादन प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने विचारले, मग प्रत्येक तासाचा आणि प्रत्येक क्षणाचा खुलासा का मागू नये? गंमत अशी की, तेथे चार दिवस उशिरा आलेला पक्षकार स्वतः सरकार होता. त्या निकालाचा आधार पुढे कितीतरी करदात्यांनी घेतला.

पुढे संसदेने स्थगितीस ३६५ दिवसांची कमाल मर्यादा घातली. विलंब करदात्याचा नसला, तरी मुदत सरताच स्थगिती आपोआप संपे. ६ एप्रिल २०२१ रोजी सर्वोच्च न्यायालयाने हे अन्यायकारक ठरविले. २०२० च्या वित्त अधिनियमाने घातलेली अट मात्र निराळी होती : स्थगिती हवी असल्यास मागणीचा वीस टक्के भाग आधी भरावा, अथवा तेवढ्या रकमेचे तारण द्यावे.