केस जिंकली, कंपनी हायकोर्टात गेली आणि आता तडजोडीची ऑफर: सही करण्याआधी काय पाहायचं?

कामगार न्यायालयाचा निवाडा कामगाराच्या बाजूने लागतो: पुन्हा कामावर घ्या, मागचा पगार द्या. कंपनी उच्च न्यायालयात जाते, निवाड्याला स्थगिती मिळते आणि तारखा सुरू होतात. मग एक दिवस वकिलामार्फत निरोप येतो, 'एकरकमी पैसे घ्या, केस संपवू.'

अपील सुरू असताना तडजोड करता येते का?

हो. अंतिम निकाल लागेपर्यंत कधीही करता येते. बोलीभाषेत याला अपील म्हणतात, पण कामगार न्यायालयाच्या निवाड्याला बहुतेक वेळा रिट याचिकेतून आव्हान दिलं जातं.

थांबलं तर घर कसं चालणार?

घाईने कमी रकमेवर सही होते ती याच प्रश्नामुळे. १९४७ च्या औद्योगिक विवाद कायद्यातलं कलम १७ब इथे कामी येतं. पुन्हा कामावर घेण्याचा निवाडा झाला असेल आणि मालकाने त्याला उच्च किंवा सर्वोच्च न्यायालयात आव्हान दिलं असेल, तर प्रकरण संपेपर्यंत कामगाराला शेवटचा पूर्ण पगार मिळू शकतो. त्यासाठी आपण दुसरीकडे नोकरीला नाही, असं प्रतिज्ञापत्र द्यावं लागतं. पुढे कामगार हरला तरी हा पगार परत मागता येत नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केलं आहे.

२१ नोव्हेंबर २०२५ पासून या कायद्याची जागा औद्योगिक संबंध संहितेने घेतली आहे. त्यामुळे आपल्या प्रकरणाला कोणता कायदा लागू होतो, हे वकिलाकडून आधी समजून घ्यावं.

रक्कम कशी तपासायची?

आधी हिशेब मांडावा. मागचा पगार किती, निवृत्तीला किती वर्षं उरली आणि निकाल उलटण्याची शक्यता किती? पीएफ आणि ग्रॅच्युइटी हे वेगळे हक्क आहेत. करारात ते वेगळे लिहून घ्यावेत, एकरकमी आकड्यात मिसळू देऊ नयेत. मागच्या पगारावर आयकरही लागतो. थकबाकी अनेक वर्षांची असेल तर त्यावर सवलत मागता येते. म्हणून हातात किती पडणार, हे सहीआधीच विचारावं.

स्टॅम्प पेपरवर सही पुरेशी आहे का?

खरी गोम इथेच आहे. बाहेर करार झाला, पण तो कोर्टात दाखलच केला नाही, तर याचिका तशीच राहते. पैसे बुडाले तर वसुलीसाठी नवा वाद उभा राहतो. म्हणून दोन्ही बाजूंच्या सह्यांच्या संमती अटी त्याच कोर्टात दाखल कराव्यात आणि त्यानुसार आदेश घ्यावा. दुसरा मार्ग लोकअदालतीचा. तिथल्या निवाड्याला दिवाणी न्यायालयाच्या हुकूमनाम्याइतकीच ताकद असते आणि त्यावर अपील करता येत नाही. त्यामुळे नंतर मन बदललं, तर मागे फिरणं जवळपास अशक्य.

सहीआधी हे पाच मुद्दे तपासा

- पैसे कधी मिळणार? शक्यतो कोर्टातच डिमांड ड्राफ्ट घ्यावा.
- हप्ते असतील, तर एक चुकल्यास काय होणार?
- नोकरी सोडल्याची नोंद 'बडतर्फी' अशी होणार की 'राजीनामा' अशी?
- अनुभव प्रमाणपत्र मिळणार का?
- 'यापुढे कोणताही दावा नाही' या ओळीत नेमके कोणते हक्क सुटतात?

मसुदा घरी नेऊन वाचायला वेळ मागावा. इतकी वर्षं चाललेल्या केसमध्ये आणखी दोन दिवस गेल्याने फारसं बिघडत नाही.