बांडगूळ शोधताना हुकलेलं नाव

परसातल्या आंब्याकडे एकदा नीट बघा. एखाद्या फांदीवर आंब्याची नसलेली जाड, बोथट पानं आणि लांबट नळीसारखी केशरी-लाल फुलं दिसली, तर ते बांडगूळ. आपण हा शब्द माणसांसाठीच जास्त वापरतो. संस्कृत कोशांत त्याला वृक्षादनी, म्हणजे झाड खाणारी, असं नाव आहे. ते अर्धंच खरं आहे. पानं हिरवी असल्याने बांडगूळ स्वतःचं अन्न बनवतं. फांदीत मूळ घुसवून झाडाकडून घेतं ते मुख्यतः पाणी आणि क्षार.

पहिल्या वर्षी मी जुन्या नियतकालिकांत 'डेन्ड्रोफ्थी फाल्काटा' हे नाव शोधत बसलो. हाती काहीच लागलं नाही. मग बिनधास्त लिहून टाकलं की कोकणात यावर जुनं काम नाही. गाईडनी समासात एवढंच विचारलं, "तेव्हा याला काय म्हणायचे?"

तुम्हीही हा प्रश्न आधी विचारा, माझे चार महिने गेले. धाकट्या लिनिअसने १७८२ मध्ये ही वनस्पती 'लोरँथस' या प्रजातीनावाखाली नोंदवली. एटिंग्सहाउझेनने १८७२ मध्ये तिला आजचं नाव दिलं, पण आपल्याकडे पुढे कित्येक वर्षं लोक 'लोरँथस लाँगिफ्लोरस' असंच लिहीत राहिले. ते नाव घेऊन बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटीच्या जर्नलकडे परत गेलो आणि घबाड मिळालं! १८९९ मध्ये जी. एम. रायन यांनी दक्षिण ठाण्यातल्या लोरँथसच्या प्रसारावर लिहिलंय. १९३१ मध्ये सालिम अलींनी कोकणातल्या याच बांडगुळावर लेख लिहिला, शिंजीर आणि फुलटोच्या यांच्या भूमिकेबद्दल. (किहीमला त्यांनी सुगरणीचा अभ्यास केला, तोही याच सुमाराचा.)

कामं वाटलेली आहेत. शिंजीर मध पिताना परागीभवन करतो. फुलटोच्या पिकलं फळ गिळतो. चिकट बी थोड्याच वेळात बाहेर येते आणि ती सुटावी म्हणून तो बूड फांदीला घासतो. झाली लागण.

म्हणून पक्ष्याला हाकलायचं का? एका झाडावरून हाकललात तर तो शेजारच्या झाडावर बसेल. त्यापेक्षा फळं पिकण्याआधी बांडगूळच काढायचं. पण आकडीने ओढून नुसते झुबके पाडले, तर आत राहिलेल्या भागातून ते पुन्हा फुटतं. शिवाय त्याची मुळं सालीवरून सरपटत जातात आणि पुढे नव्या जागी घुसतात. त्यामुळे चिकटलेल्या जागेच्या बरंच खाली, निरोगी लाकडात फांदी कापावी लागते आणि जखमेवर बोर्डो पेस्ट लावावी लागते. मोरचूद आणि २,४-डी टोचण्याचेही प्रयोग झाले, पण झाडाची आणि बांडगुळाची पाण्याची वाट एकच. मात्रा चुकली तर आंब्यालाच इजा.

हे सगळं वाचून मी आत्याच्या रायवळाखाली उभा राहिलो, तर सगळ्यात मोठं बांडगूळ नेमकं मुख्य खांदीवर. ती कापली तर अर्धं झाड जाणार. आत्या म्हणाली, "लोणच्याचा आंबा आहे तो, हात लावायचा नाही." लहान फांद्या कापल्या. खांदीवरचं सालीसकट खरवडून काढलंय. पाऊस संपला की परत फुटलंय का, ते बघायला जायचंय.