कॅफेची वही

एरंडोलहून आलेल्या मुलाने लॅपटॉप टेबलावर ठेवला आणि म्हणाला, "ताई, गेम चांगला चालतो, पण रेकॉर्डिंग होत नाही. विंडोजचं बटन आणि जी दाबलं की भलतंच काहीतरी येतं." मी दाबून पाहिलं. ओळखीचीच चौकट आली: ही एमएस-गेमिंगओव्हरले लिंक उघडायला नवीन अ‍ॅप लागेल. जळगावच्या गोलाणी मार्केटमध्ये मी दुरुस्तीचं काम करते. ही चौकट माझ्याकडे अधूनमधून येतच असते.

तिचा अर्थ साधा आहे. ती दोन बटनं दाबली की विंडोज गेम बार नावाच्या छोट्या प्रोग्रामला हाक मारते. एमएस-गेमिंगओव्हरले हे त्या हाकेचं नाव. प्रोग्रामच जागेवर नसला तर ओ कोण देणार? या मुलाच्या लॅपटॉपवर कुणीतरी 'हलकी' विंडोज टाकून दिली होती. चार जीबी रॅमचं मशीन पळावं म्हणून गेम बार काढलेला, स्टोअरही काढलेलं. स्टोअर असतं तर तिथून गेम बार परत घेता आला असता. प्रोग्राम असून नुसता बिघडलेला असता तर सेटिंग्जमध्ये अ‍ॅप्सच्या यादीतून रिपेअर, नाहीतर रीसेट केलं असतं. पाच मिनिटांचं काम. इथे मूळ विंडोज नव्याने टाकावी लागणार होती. मी तसं सांगितलं. तो बराच वेळ गप्प राहिला आणि मग म्हणाला, "रविवारी मी एकट्याने चौघांना मारलं ताई. आता ते कुणाला दाखवू?"

हे वाक्य मी वीस वर्षांपूर्वी धुळ्यात ऐकलं होतं, जवळपास याच शब्दांत.

२००२ साली माझ्या भावाने धुळ्यात सायबर कॅफे काढला. आग्रा रोडला समांतर अशा नंबरांच्या गल्ल्या धुळ्यात आहेत. १८१८ नंतर खानदेशचा पहिला कलेक्टर कॅप्टन ब्रिग्ज याने नवं धुळं सरळ रेषांत आखलं, त्या आखणीची ही खूण. आजही इथे पत्ता सांगताना नावाआधी गल्लीचा नंबर येतो. अशाच एका गल्लीत, वरच्या मजल्यावर आमची आठ मशीनं होती. सेकंडहँड पेंटियम थ्री, १२८ एमबी रॅम, मागे कुबड असलेले जड मॉनिटर. भावाने ती मुंबईच्या लॅमिंग्टन रोडवरून दोन खेपांत आणली होती. सकाळी भाऊ कॉलेजात, काउंटरवर मी. परीक्षेचे निकाल, नोकरीचे अर्ज, लग्नाचे बायोडाटा टाइप करणं, हा आमचा धंदा होता. गेम नंतर आले आणि धंदा त्यांनी ताब्यात घेतला.

आधी रोड रॅश, मग व्हाइस सिटी. हे एकट्याचे खेळ. काउंटर स्ट्राइक आला तेव्हा आठही मशीनं एकमेकांना जोडणं भाग पडलं. केबलची टोकं बसवायला मी तेव्हा शिकले: पांढरा-नारिंगी, नारिंगी, पांढरा-हिरवा, निळा, पांढरा-निळा, हिरवा, पांढरा-तपकिरी, तपकिरी. ही आठ तारांची ओळ मला झोपेतून उठवून विचारली तरी सांगता येईल. माझ्या हातचं पहिलं पक्कं काम ते, आणि त्यावरच पुढची वीस वर्षं उभी राहिली.

आठ मुलं खेळायची आणि बारा मागे उभी असायची. कॅफेचं खरं रूप हे बारा जण होते. पैसे नसायचे म्हणून ती उभी, पण सगळा खेळ त्यांच्याच डोळ्यांत राहायचा. डस्ट टूच्या नकाशात लांबच्या दारातून कुणी कुणाला कसं टिपलं, हे खेळणाऱ्याला घाईत कळत नसे; मागच्याला कळे. बाहेर चहाच्या गाडीवर तो ते रंगवून सांगे. ग्रामीण भागातून कॉलेजला आलेली मुलं अहिराणीत बोलत. पहिल्यांदा पडदा पाहणारा हमखास विचारी, "हाई काय शे भाऊ?" आणि मागे उभा असलेला एखादा त्याला सगळा खेळ समजावून देई.

पडद्यावर खेळाखेरीज काही दिसत नसे, आकडे तेवढे दिसत. एका मुलाने कुठूनतरी नेट ग्राफचा आदेश शिकून आणला. कन्सोल उघडायचा, नेट ग्राफ तीन लिहायचं, की खाली कोपऱ्यात सेकंदाला किती चित्रं पडद्यावर येतात ते दिसायला लागतं. खेळ न सोडता खेळाच्या वर काहीतरी दिसणं मी पहिल्यांदा पाहिलं ते हे. मला त्याचा दुसराच उपयोग झाला. मे महिन्यात खानदेशात पारा ४५ च्या पुढे जातो. मशीनच्या पोटात काळ्या मातीची धूळ, वर पत्र्याचं छप्पर. दुपारी तीनला साठ-सत्तरचा आकडा वीस-पंचवीसवर यायचा. मुलं म्हणायची गेम अडकतोय. मला आकड्यावरून कळायचं की प्रोसेसर तापलाय. ब्लोअर मारायचा, पंख्याखालची वाळलेली पेस्ट खरवडून नवी लावायची. आकडा वर चढला की मागे उभी मुलंही ओरडायची, जणू त्यांनीच कुणाला मारलंय.

रेकॉर्डिंगची सोय तेव्हाही होती, हे आज कुणाला खरं वाटत नाही. काउंटर स्ट्राइकमध्ये रेकॉर्डचा आदेश होता. त्यातून व्हिडिओ बनत नसे. कोण कुठे गेला, कुणी कधी गोळी झाडली याची नोंद बने. फाइल काही एमबीची. ती पुन्हा चालवली की गेम तोच सामना परत उभा करी. फ्रॅप्स नावाचा प्रोग्राम खराखुरा व्हिडिओ घ्यायचा, पण मिनिटाला शेकडो एमबी खायचा, आणि आमच्या मशीनला चाळीस जीबीची डिस्क. त्यामुळे त्याला बंदीच होती.

मग या सामन्यांच्या फाइली गेल्या कुठे? त्या आम्हीच पुसल्या. रोज पेन ड्राइव्ह आणि सीडीतून व्हायरस येत, म्हणून भावाने सगळ्या मशीनवर डीप फ्रीझ बसवलं होतं. घड्याळाशेजारी पांढऱ्या अस्वलाचं चिन्ह दिसे. मशीन बंद करून चालू केलं की ते पहिल्या दिवसासारखं व्हायचं. व्हायरस जायचा, दिवसभराचं सगळंच जायचं. एका संध्याकाळी पारोळ्याच्या एका मुलाने शेवटच्या फेरीत पाच जणांना एकट्याने मारलं आणि सामना रेकॉर्डही केला. तेवढ्यात लाइट गेली. आमचा यूपीएस जुना, दोन मिनिटंही टिकला नाही. लाइट आल्यावर अस्वल जागं झालं आणि फाइल नव्हती. त्याने विचारलं, "आता कुणाला दाखवू ताई?" २००५ नंतरची ती वर्षं भारनियमनाची होती. लाइट गेली की मी वहीत प्रत्येकाची वेळ अर्धा तास पुढे ओढत असे. त्या मुलाला मी वेळ परत दिली. फाइल देऊ शकले नाही.

हे सगळं घडलं ते गाव कागद जपणाऱ्यांचं आहे, ही गोष्ट मला आजही टोचते. इतिहासाचार्य राजवाड्यांनी गावोगाव हिंडून, माळ्यांवरची दप्तरं उघडून मराठ्यांच्या इतिहासाची साधनं बावीस खंडांत छापली. ३१ डिसेंबर १९२६ रोजी ते धुळ्यातच गेले आणि त्यांच्या नावाचं संशोधन मंडळ इथे उभं राहिलं. शंकरराव देवांनी समर्थ संप्रदायाची बाडं गोळा केली, तीही याच गावात. शाळेत असताना आम्हाला मंडळात नेलं होतं. पिवळा पडलेला मोडीतला कागद दाखवून गुरुजी म्हणाले होते, हा कुणा मोठ्या राजाचा नाही, कुणीतरी कुणाला दिलेल्या धान्याचा हिशेब आहे. तरी तो ठेवायचा. सायबर कॅफेसुद्धा असाच हिशेबाचा कागद होता. ज्या मुलांच्या घरात संगणक यायला पुढे दहा वर्षं लागली, त्यांनी तो आमच्या आठ मशीनवर पहिल्यांदा हाताळला. त्यातली काही आज पुण्यात सॉफ्टवेअरमध्ये आहेत. त्यांच्या सुरुवातीची नोंद कुठेही नाही.

आमच्याकडे नोंद म्हणून फक्त वही होती. नाव, गाव, मशीन नंबर, आत, बाहेर. २०११ मध्ये केंद्र सरकारने सायबर कॅफेसाठी नियम केले: ओळखपत्र पाहायचं, वही ठेवायची, किमान एक वर्ष जपायची, दोन खुर्च्यांमधला आडोसा साडेचार फुटांपेक्षा उंच नको. नियम एक वर्षाचा, म्हणून लोकांनी एक वर्ष जपली आणि मग रद्दीत दिली. २००६ मध्ये लग्न होऊन मी जळगावला आले. भावाने कॅफे २०१३ पर्यंत चालवला. मोबाइलवर इंटरनेट आलं होतं, उभं राहायला मुलंच उरली नव्हती. सामान विकताना त्याने वह्या रद्दीवाल्याला दिल्या. एक माझ्याकडे आहे, २००५ ची, केबलच्या टोकांसोबत खोक्यात आलेली.

गेमच्या वर उघडणारी खिडकी, जिला ओव्हरले म्हणतात, आमचा कॅफे चालू असतानाच जगात रुळत होती. स्टीमवाल्यांना २००७ च्या सुमारास शिफ्ट आणि टॅब दाबून खेळ न सोडता मित्रांशी बोलता येऊ लागलं. पण त्याला विकत घेतलेला गेम आणि सतत चालणारं इंटरनेट हवं. आमच्याकडे कॉपी केलेले गेम आणि खेळायला इंटरनेटशिवायची केबल. म्हणून धुळे-जळगावच्या बहुतेक मुलांना ओव्हरले पहिल्यांदा भेटला तो विंडोज १० मधून, असं मी माझ्या टेबलावरून पाहिलं आहे. ती विंडोज २९ जुलै २०१५ रोजी आली. विंडोज आणि जी दाबलं की सुरुवातीला ती विचारायची, हा गेम आहे का? हो म्हटलं की पट्टी उघडायची. लोकांनी एक्सेललाही गेम ठरवून टाकलं, कारण ती पट्टी एक्सेलचंही रेकॉर्डिंग करायची. २०१७ मध्ये गेम मोड आला. २०१९ मध्ये पट्टी गेली आणि वेगवेगळ्या चौकटी आल्या: आवाज, मित्र, रेकॉर्डिंग, मशीनवरचा ताण. त्याच वर्षाच्या शेवटी सेकंदाला किती चित्रं येतात तो आकडाही आला. तो पहिल्यांदा परवानगी मागतो, परवानगी देऊन मशीन रीस्टार्ट करावं लागतं. हे माहीत नसलं की लोक म्हणतात आकडा दिसतच नाही.

ही खिडकी कॅफेतल्या त्या बारा जणांची जागा घ्यायला आली, असं मी मानते. ती बघते, ध्यानात ठेवते, दुसऱ्याला दाखवते. तिच्यात एक सोय मला फार मोलाची वाटते. बॅकग्राउंड रेकॉर्डिंग चालू ठेवलं तर विंडोज, ऑल्ट आणि जी दाबून नुकतेच होऊन गेलेले तीस सेकंद राखता येतात. घडून गेल्यावर. पारोळ्याच्या त्या मुलाला नेमकं हेच हवं होतं. कमी रॅमच्या मशीनवर ते जड पडतं, म्हणून ते आपणहून चालू करावं लागतं. जड पडतं म्हणूनच दुकानांत गेम बार उपटून टाकायची रीत पडली. मला ती पटत नाही. नको असेल तर सेटिंग्जमध्ये रेकॉर्डिंग बंद करा, प्रोग्राम जागेवर राहू द्या. उपटला की पुढे ती चौकट येत राहते आणि नव्या शिकणाऱ्याला वाटतं मशीनच बिघडलं.

या खिडकीचं सर्वांत चांगलं काम मी २०२० मध्ये पाहिलं, आणि त्यात गेम नव्हताच. मार्चमध्ये शाळा बंद झाल्या. जिल्हा परिषदेच्या शाळांतले शिक्षक, शिक्षिका लॅपटॉप घेऊन यायला लागले: धडा रेकॉर्ड करून पालकांच्या मोबाइलवर पाठवायचाय. विकतचे प्रोग्राम परवडत नव्हते. मी त्यांना विंडोज, ऑल्ट आणि आर शिकवलं. पहिल्या दिवशी निम्म्यांचे फोन आले की रेकॉर्डिंग होत नाही. गेम बार डेस्कटॉपचं किंवा फोल्डरचं रेकॉर्डिंग करत नाही; आधी पॉवरपॉइंट उघडायचं, त्यावर क्लिक करायचं, मग बटनं दाबायची. एका बाईंचा चाळीस मिनिटांचा अपूर्णांकांचा धडा आवाजाशिवाय निघाला, माइक बंद होता. त्या रडवेल्या झाल्या होत्या. आम्ही दोघींनी फोनवर बसून माइकचं बटन शोधलं आणि रात्री अकराला त्यांनी तो धडा पुन्हा सांगितला. दुसऱ्या एका सरांच्या लॅपटॉपला ग्राफिक्सचा ड्रायव्हरच नव्हता. तो टाकल्यावर रेकॉर्डिंग सुरू झालं, कारण व्हिडिओ बांधायचं काम ग्राफिक्सची चिप करते.

त्या मुलांना आता त्या धड्यांची गरज उरली नाही. शिक्षकांनी लॅपटॉप बदलले, फॉरमॅट केले. काही माझ्याकडेच आले: "सगळं उडवा, काही कामाचं नाही." मी आधी व्हिडिओजच्या फोल्डरमधलं कॅप्चर्स उघडते. लोक डेस्कटॉप पाहतात, डाउनलोड पाहतात. हे फोल्डर आहे हेच त्यांना ठाऊक नसतं. अपूर्णांकांचा तो धडा मला तिथेच सापडला. मागे कुकरची शिट्टी ऐकू येते आणि बाई म्हणतात, थांबा हं, गॅस बंद करून येते. मी तो पेन ड्राइव्हवर घालून त्यांना दिला.

एरंडोलच्या मुलाचा लॅपटॉप दोन दिवस माझ्याकडे होता. विंडोज नव्याने टाकली, ड्रायव्हर टाकला, गेम बार उघडून पाहिला, बॅकग्राउंड रेकॉर्डिंग चालू केलं आणि मशीन किती तापतं ते तासभर पाहिलं. रविवारचा सामना मिळणार नव्हता, तो राखलाच गेला नव्हता. पण जुन्या डिस्कवर, हलकी विंडोज पडण्याआधीच्या, नऊ फाइली निघाल्या. दुरुस्तीच्या वहीत मी अलीकडे एक रकाना वाढवलाय. नाव, गाव, मशीन, बिघाड, आणि त्यापुढे कॅप्चर्स. त्याच्या ओळीत लिहिलं: ९, परत दिल्या.