यजितखत : हरलेल्याने लिहून दिलेला कागद

१/ मराठेकाळात पाटीलकी, कुलकर्ण अशा वतनांचे तंटे पिढ्यान्‌पिढ्या चालत. केवळ निवाड्याने ते मिटत नसत.

२/ आरंभी दोन्ही पक्ष राजीनामा देत : गोत ठरवील ते मान्य. मग करीने, साक्षी आणि शेवटी महजर. त्यावर कुणब्याची निशाणी नांगर.

३/ यानंतर हरलेला यजितखत लिहून देई : वतनाशी आपला संबंध नाही, पुन्हा कज्जा करणार नाही. जिंकणारा सरकारात हरकी भरी, हरणारा गुन्हेगारी.

४/ सत्ता पालटली की जुने तंटे पुन्हा उकरले जात. अशा वेळी सर्वांत भक्कम पुरावा म्हणजे प्रतिपक्षाच्याच पूर्वजाची कबुली. म्हणूनच वतनदार घराण्यांनी सनदांबरोबर यजितखतेही दप्तरात जपली.