राजीनामा: राजीखुशीचा की सक्तीचा?

मागच्या महिन्यात वडगाव रासाईला गेलो होतो. भीमाकाठचं शिरूर तालुक्यातलं गाव, पलीकडे दौंड. संध्याकाळी चहा झाल्यावर नात्यातला एक मुलगा मला बाजूला घेऊन म्हणाला, "मामू, शाळेने राजीनामा लिहून मागितलाय. चौकशी लावली तर बदनामी होईल, त्यापेक्षा सही कर म्हणतात." आठ वर्षांची कायम नोकरी. आरोप काय, ते कागदावर कुणी दिलेलं नाही.

मी त्याला इतकंच सांगितलं, "सही करू नकोस." घरी परतताना मात्र तो शब्द डोक्यात घोळत राहिला.

राजीनामा हा आपल्याकडे फारसीतून आलेला शब्द. राजी म्हणजे संमत, नामा म्हणजे लेख. मराठेशाहीच्या न्यायपद्धतीत त्याचा अर्थ नोकरी सोडणं असा नव्हता. वतनाचा तंटा गोतसभेपुढे किंवा मजलिसीपुढे आला, की दोन्ही वादी आधी राजीनामा लिहून देत. सभा जो निवाडा करील तो मान्य, असा त्याचा मतलब. मग दोघांच्या तकरिरी, म्हणजे लेखी कैफियती, घेतल्या जात. साक्षीपुरावा होई आणि शेवटी हजर असलेल्यांच्या नावांसह महजर तयार होई. अशा मजलिसींमध्ये देशमुख, पाटील बसत, तसा काजीही बसे. पाटीलकी असो, सुतारकी असो की मुलाण्याचं वतन, पोटापाण्याचा हक्क काढायचा तर आधी ऐकून घ्यावं लागे. त्या न्यायात जातीची उतरंड होती, वशिला होता, दिव्यासारख्या क्रूर कसोट्याही होत्या. पण राजीनामा सुनावणीच्या आधी येई, सुनावणी टाळण्यासाठी नव्हे.

कुरआनात हजरत दाऊदांचा प्रसंग आहे. दोन भाऊ तंटा घेऊन येतात. एकाकडे नव्व्याण्णव मेंढ्या, दुसऱ्याकडे एकच. आणि पहिला तीही मागतो. फिर्याद ऐकताच दाऊद निकाल सांगून टाकतात. मग ही आपली परीक्षा होती हे उमगून ते सजद्यात जातात. काही भाष्यकार म्हणतात, त्यांची चूक हीच, की दुसऱ्या बाजूचं ऐकलं नाही. फिर्यादी गरीब होता, प्रथमदर्शनी खरा होता, तरीही. मग जिथे फिर्यादी आणि न्यायाधीश एकच संस्थाचालक असतो, तिथे काय म्हणावं?

महाराष्ट्राने यावर 1977 साली खासगी शाळांतल्या कर्मचाऱ्यांसाठी कायदा केला. त्याच्या 1981च्या नियमांत चौकशी समिती तिघांची ठरवली: शिक्षकाची चौकशी असेल तर एक संस्थेचा, एक त्या शिक्षकाने निवडलेला आणि एक पुरस्कारप्राप्त शिक्षक. बडतर्फीविरुद्ध 30 दिवसांत शाळा न्यायाधिकरणाकडे अपील करता येतं. पुन्हा रुजू करून घ्यायचं नाही असं ठरलं, तर दहा वर्षं किंवा अधिक सेवा असणाऱ्याला बारा महिन्यांचा आणि त्याहून कमी सेवा असणाऱ्याला सहा महिन्यांचा पगार भरपाई म्हणून देता येतो. राजीनाम्याचीही रीत कायद्याने घालून दिली: दोन प्रती, दोन्हींवर सही आणि तारीख, एक नोंदणीकृत टपालाने संस्थेला, दुसरी स्वतःजवळ. बिनतारखेच्या सह्या घेऊन ठेवणारे कपाट कायदा करणाऱ्यांना चांगलंच माहीत असावं.

तरीही न्याय स्वस्त नाही. तेव्हाच्या औरंगाबादेतल्या एका शिक्षिकेला 2007 साली बडतर्फ केलं गेलं. 2009 मध्ये न्यायाधिकरणाने बडतर्फी रद्द करून मागचा सगळा पगार द्यायला सांगितलं. उच्च न्यायालयाने बडतर्फी बेकायदाच मानली, पण मधल्या काळात आपण बेकार होतो हे तिने सिद्ध केलं नाही म्हणून पगार नाकारला. 12 ऑगस्ट 2013 रोजी सर्वोच्च न्यायालयाने तो परत दिला. बडतर्फी बेकायदा ठरली तर मागच्या पगारासह पुन्हा नेमणूक हाच सर्वसाधारण नियम, असं न्यायालयाने म्हटलं. आपण कुठे कमाई करत नव्हतो एवढं कर्मचाऱ्याने सांगावं. तो कमावत होता हे दाखवणं मालकाचं काम. सहा वर्षं गेली, पण तिने लढण्याचा हक्क सोडला नव्हता.

रांजणगावच्या कारखान्यांतल्या पोरांनाही हेच लागू पडतं. 1947च्या औद्योगिक विवाद कायद्यात 1953 साली कामगारकपातीची भरपाई आली: सेवेच्या प्रत्येक वर्षाला पंधरा दिवसांचा पगार. पण 2025पर्यंत लागू असलेल्या त्याच कायद्याच्या व्याख्येत स्वेच्छेने सोडलेली नोकरी कपातीत मोजली जात नव्हती. राजीनामा का मागतात, याचं उत्तर इथे आहे. एका सहीने चौकशी, भरपाई आणि अपील, तिन्ही वाटा बंद होतात.

परवा मुलाचा फोन आला. त्याने सही केली नाही. आरोप लेखी द्या, असं पत्र नोंदणीकृत टपालाने पाठवलंय. नोकरी टिकेल का, मी सांगू शकत नाही. तो म्हणाला, "मामू, आता त्यांना माझं ऐकावं तरी लागेल."