साने गुरुजी : 'श्यामची आई' लिहिणारा कार्यकर्ता

पांडुरंग सदाशिव साने म्हणजेच साने गुरुजी (२४ डिसेंबर १८९९ – ११ जून १९५०) हे शिक्षक, लेखक, स्वातंत्र्यसैनिक आणि समाजवादी कार्यकर्ते. जन्म कोकणातला, कर्मभूमी खानदेश. 'श्यामची आई' या पुस्तकामुळे ते घराघरात पोहोचले. भोपाळच्या आनंद नगरात असो, बऱ्हाणपुरात असो की बेळगावात, मराठी घरातल्या मुलाच्या हाती पडणाऱ्या पहिल्या काही पुस्तकांत हे पुस्तक हमखास असतं. मात्र ते लिहिणारा माणूस आयुष्यातली कितीतरी वर्षं राजकीय कैदी होता, शेतकरी-कामगारांच्या लढ्यांत होता, आणि पंढरपूरचं विठ्ठल मंदिर दलितांना खुलं व्हावं म्हणून त्यानं प्राण पणाला लावले होते, हे अनेकांना शाळा सुटल्यावर कधीतरी कळतं.

पालगड ते अमळनेर

रत्नागिरी जिल्ह्यातल्या दापोली तालुक्यातलं पालगड हे त्यांचं गाव. घराणं खोतांचं, पण वडील सदाशिवरावांच्या काळात वैभव ओसरलं, कर्ज वाढलं, घरावर जप्ती आली. सावकाराच्या माणसानं दारात येऊन केलेला अपमान मुलानं पाहिला आणि तो आयुष्यभर विसरला नाही. शिक्षण दापोली, औंध संस्थान आणि पुणे असं जमेल तिथं, जमेल तसं झालं. आई यशोदाबाई १९१७ मध्ये गेल्या. शेवटची भेट झाली नाही. ही रुखरुख पुढच्या सगळ्या लिखाणाच्या मुळाशी आहे.

पुण्याहून बी.ए. झाल्यावर ते अमळनेरच्या तत्त्वज्ञान मंदिरात आले. तत्त्वज्ञान घेऊन एम.ए. झाले आणि १९२४ मध्ये तिथल्याच प्रताप हायस्कुलात मास्तर म्हणून लागले. वसतिगृहाचं कामही त्यांच्याकडे आलं. पोरांची अंथरुणं आवरायची, कपडे धुवायचे, आजाऱ्याजवळ रात्रभर बसायचं. आरडाओरडा नाही, शिक्षा नाही. पोरांना आपली आपणच लाज वाटायची आणि दुसऱ्या दिवशी खोली झाडलेली असायची. मुलांसाठी ते 'छात्रालय' नावाचं हस्तलिखित दैनिक काढत. पुढे 'विद्यार्थी' मासिकही काढलं. मुलं वाढवण्याबद्दलची त्यांची सगळी समज या वसतिगृहात घडली, स्वतःच्या संसारात नव्हे. ते अविवाहितच राहिले.

तुरुंगातलं लेखन

१९३० साली मिठाच्या सत्याग्रहासाठी त्यांनी नोकरी सोडली ती कायमचीच. आधी धुळे, मग तिथून दूर त्रिचनापल्लीचा तुरुंग. तिथं दक्षिणेतले कैदी सोबत होते. आपल्याला शेजारच्या प्रांताची भाषाही येत नाही, हे त्यांना बोचलं. ते तमिळ शिकायला बसले आणि 'कुरल' मराठीत आणलं. आंतरभारतीची कल्पना या बोचणीतून आली.

१९३२ मध्ये पुन्हा धुळ्याचा तुरुंग. तिथं विनोबा भावे दर रविवारी कैद्यांपुढे गीतेवर बोलत. ती प्रवचनं साने गुरुजींनी बोलता बोलता टिपून घेतली. आज देशभर अनेक भाषांत वाचलं जाणारं 'गीता प्रवचने' हे पुस्तक त्या टिपणांमुळे हाती आलं. ही एकच गोष्ट केली असती तरी त्यांचं नाव राहिलं असतं.

'श्यामची आई' लिहिली गेली नाशिकच्या तुरुंगात, फेब्रुवारी १९३३ मध्ये. बहुतेक भाग अवघ्या पाच दिवसांत लिहून झाला. पुस्तक १९३५ ला बाहेर आलं. आश्रमातल्या सोबत्यांना श्याम रोज रात्री आईची एक आठवण सांगतो, अशा ४२ रात्री त्यात आहेत.

पुस्तक धार्मिक आहे, पण त्यातला धर्म पोथीतला कमी आणि स्वयंपाकघरातला जास्त. मीठ घालायचं राहिलेली भाजी वडील मुकाट्यानं खातात, कारण रांधणारीला वाईट वाटू नये. पायाला माती लागू नये म्हणून जपणाऱ्या मुलाला आई मनाचंही तसंच जपायला सांगते. पोहायला घाबरून लपून बसलेल्या श्यामला ती शोधून काढते, मारत बाहेर आणते आणि विहिरीवर पाठवते. तो पोहून आल्यावर प्रेमानं जवळही घेते. आजच्या पालकांना हा मार खटकेल, आणि खटकायलाही हवा. पुस्तक फार रडवतं, त्यागाचा सगळा भार बाईच्याच डोक्यावर ठेवतं, ही टीकाही जुनीच आहे आणि ती खोटी नाही. तरीही पुस्तक टिकलं. यातली आई उपदेश करून थांबत नाही, जे सांगते ते आधी स्वतः करते. शिवाशिवीच्या त्या दिवसांत एका म्हाताऱ्या महार बाईची लाकडाची मोळी उचलून द्यायला ती श्यामला पाठवते, लोक काय म्हणतील याची पर्वा करत नाही. ही गोष्ट लेखकानं नुसती लिहून सोडली नाही.

काँग्रेस, शेतकरी आणि पंढरपूर

डिसेंबर १९३६ मध्ये जळगाव जिल्ह्यात फैजपूरला काँग्रेसचं अधिवेशन भरलं. खेड्यात भरलेलं हे पहिलं अधिवेशन, अध्यक्ष जवाहरलाल नेहरू. त्यासाठी गुरुजी गावोगाव हिंडले. १९३८ मध्ये त्यांनी अमळनेरहून 'काँग्रेस' नावाचं साप्ताहिक सुरू केलं. पिकं बुडालेल्या खानदेशी शेतकऱ्यांच्या शेतसाऱ्याचा प्रश्न असो की गिरणी कामगारांचा, वेळेला आपल्याच पक्षाच्या सरकारला टोचायला ते कचरले नाहीत. १९४२ च्या लढ्यात भूमिगत झाले, नंतर पकडले गेले. राष्ट्र सेवा दलाच्या पोरांना तर ते घरच्यासारखे होते. आमदारकी, मंत्रिपद यांच्या वाटेला मात्र ते गेले नाहीत.

सर्वांत मोठी लढाई पंढरपूरची. वारकरी संतांनी भेदाभेद अमंगळ मानला, पण चोखोबाच्या जातभाईंना विठ्ठलाच्या पायांशी जायला मज्जाव होता. गुरुजींनी उपोषणाचा निश्चय केला. सोबत्यांच्या आग्रहावरून आधी काही महिने महाराष्ट्रभर दौरा काढला. सेनापती बापट बरोबर होते. गावोगावी मंदिरं आणि विहिरी खुल्या झाल्या. पंढरपूरचे बडवे मात्र हटेनात. अखेर १ मे १९४७ रोजी पंढरपुरात तनपुरे महाराजांच्या मठात उपोषण सुरू झालं.

मधेच खुद्द गांधीजींची तार आली : उपोषण सोडा. गांधीजींना देवासारखं मानणाऱ्या माणसापुढे याहून अवघड प्रसंग कोणता? गुरुजींनी तेवढं ऐकलं नाही. दादासाहेब मावळंकर मध्यस्थीला धावले, बडव्यांशी बोलणी झाली आणि सुमारे दहा दिवसांनी मंदिर सर्वांना खुलं करण्याचं ठरलं. कायद्याची सक्ती व्हायच्या आत लोकांच्या मनातून हे व्हावं, असा त्यांचा हट्ट होता.

शेवटची वर्षं आणि आंतरभारती

गांधीहत्येनं ते कोसळले. प्रायश्चित्त म्हणून २१ दिवसांचं उपोषण केलं. १५ ऑगस्ट १९४८ ला त्यांनी 'साधना' साप्ताहिक सुरू केलं. ते आजही पुण्याहून निघतं. १९४९ च्या पुण्याच्या साहित्य संमेलनात त्यांनी आंतरभारतीचा विचार मांडला : प्रांताप्रांतांतल्या माणसांनी एकमेकांच्या भाषा शिकाव्यात, एकमेकांचं साहित्य वाचावं. भाषावार प्रांतांची मागणी तेव्हा जोरात होती. सीमेवर राहणाऱ्यांना त्या वेळेचं मोल वेगळं सांगायला नको. रवींद्रनाथांच्या विश्वभारतीच्या धर्तीवर संस्था उभारायची होती, पण ती त्यांच्या हयातीत झाली नाही. ११ जून १९५० रोजी मुंबईत त्यांनी स्वतःच आपलं आयुष्य संपवलं. स्वतंत्र देशात वाढत चाललेला द्वेष त्यांना असह्य झाला होता, असं त्यांच्या जवळची माणसं सांगत.

त्यांची सत्तरहून अधिक पुस्तकं प्रसिद्ध आहेत. त्यांत 'भारतीय संस्कृती', 'पत्री' हा कवितासंग्रह, पुतणीला लिहिलेली पत्रं आणि मुलांसाठीच्या गोष्टी येतात. आचार्य अत्र्यांनी १९५३ मध्ये 'श्यामची आई'वर चित्रपट काढला आणि पहिल्याच राष्ट्रीय पुरस्कारांत त्याला राष्ट्रपतींचं सुवर्णपदक मिळालं. त्यातली आई साकारणाऱ्या वनमाला मूळच्या उज्जैनच्या, म्हणजे आज मध्य प्रदेशात असलेल्या मराठी घरातल्या. फेब्रुवारी २०२४ मध्ये अमळनेरला अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलन भरलं, तेव्हा संमेलननगरीला नाव साने गुरुजींचंच होतं.