आवाज धरणारे यंत्र आणि धरायचे राहिलेले आवाज

ध्वनिमुद्रण म्हटले की आपल्याला गाणे आठवते. ज्या घरांत एके काळी चावीचा ग्रामोफोन होता, त्या घरांत त्याच्या आठवणीबरोबर बालगंधर्वांची, अब्दुल करीम खाँसाहेबांची नाहीतर मास्टर दीनानाथांची तबकडी आठवते. पण ज्यांनी हे यंत्र शोधले त्यांच्या मनात गाणे पहिल्या जागी नव्हते. त्यांना माणसाचे बोलणे धरून ठेवायचे होते. बोलण्यासाठी जन्मलेले यंत्र गाण्याचे कसे झाले, त्या प्रवासात कोणाचे आवाज राहिले आणि कोणाचे गेले, याची ही हकिकत. तिचा एक धागा आपल्या बडोद्यापर्यंत येतो.

काजळीवरच्या रेषा

सुरुवात पॅरिसला होते. एदुआर-लेआँ स्कॉट द मार्तिनव्हिल हा गृहस्थ छापखान्याच्या व्यवसायातला. शास्त्रीय ग्रंथांची मुद्रिते तपासताना मानवी कानाच्या रचनेची चित्रे त्याच्या नजरेखालून गेली. फोटोग्राफीची कला तेव्हा नवी होती. डोळ्याला दिसते ते कागदावर उतरते, तर कानाला ऐकू येते ते का उतरू नये, असा त्याचा विचार. त्याने एक मोठा कर्णा घेतला, त्याच्या अरुंद टोकाला पातळ पडदा ताणून बसवला आणि पडद्याला एक राठ केस चिकटवला. केसाचे टोक टेकत होते ते काजळी धरलेल्या कागदावर. हा कागद एका फिरत्या नळकांड्याला गुंडाळलेला असे. कर्ण्यात बोलले की पडदा थरथरे, केस हले आणि काजळीत नागमोडी रेघ उमटे. २५ मार्च १८५७ रोजी त्याने या ‘फोनॉटोग्राफ’ची नोंदणी केली.

आज आश्चर्य वाटते ते याचे, की ही रेघ पुन्हा ऐकता येईल अशी कल्पना त्याच्या यंत्रात नव्हतीच. त्याला हवे होते आवाजाचे आपोआप होणारे लेखन, एक प्रकारचा निसर्गदत्त लघुलेख. माणसे ती रेघ वाचायला शिकतील, अशी त्याची आशा. ती काही फळली नाही. स्कॉट १८७९ साली वारला. पण त्याने जपून ठेवायला दिलेले कागद पॅरिसमध्ये शाबूत राहिले. २००८ साली अमेरिकेतल्या संशोधकांनी त्या रेषांची छायाचित्रे घेऊन संगणकाच्या मदतीने त्यांचा आवाज केला. ९ एप्रिल १८६० रोजी गायलेली एका फ्रेंच लोकगीताची ओळ १४८ वर्षांनी ऐकू आली. प्रथम तो एखाद्या मुलीचा आवाज वाटला. नंतर लक्षात आले की गती दुप्पट धरली गेली आहे. ती निम्मी केल्यावर सावकाश गाणारा पुरुष समोर आला. तो बहुधा स्वतः स्कॉटच.

बोलणारा पत्रा

रेघेतून आवाज परत काढता येईल हे १८७७ साली दोघांना, एकमेकांचा पत्ता नसताना, सुचले. एक होता शार्ल क्रो, पॅरिसचा कवी. त्याने एप्रिलमध्ये आपली कल्पना लिहून बंद लखोट्यात फ्रेंच विज्ञान अकादमीकडे ठेवली. यंत्र मात्र त्याच्या हातून झाले नाही. दुसरा अमेरिकेतला थॉमस एडिसन, वय तीस आणि ऐकायला बराच कमी. तार आणि टेलिफोन यांवर काम करताना त्याला वाटले, की पडदा सुईला हलवू शकतो, तर सुईने पडद्याला का हलवू नये? त्याने आराखडा काढून आपला कुशल कारागीर जॉन क्रूसी याच्या हाती दिला. मळसूत्री खाचा असलेले पितळी नळकांडे, त्यावर गुंडाळलेला कथलाचा पातळ पत्रा आणि फिरवायला हँडल, असे हे यंत्र. एडिसनने त्यात लहान मुलांचे एक बडबडगीत मोठ्याने म्हटले, सुई पुन्हा आरंभाला आणली आणि पत्रा तेच बोलला.

डिसेंबर १८७७मध्ये एडिसनने यंत्र न्यूयॉर्कला ‘सायंटिफिक अमेरिकन’ या नियतकालिकाच्या कचेरीत नेले. यंत्राने तिथल्या मंडळींची प्रकृती विचारली, फोनोग्राफ कसा वाटला अशी चौकशी केली आणि सर्वांचा निरोप घेतला. १९ फेब्रुवारी १८७८ रोजी एडिसनला एकस्व मिळाले. त्याच वर्षी जूनमध्ये त्याने एका मासिकात या यंत्राचे भावी उपयोग मांडले: पत्रांचा मजकूर सांगणे, अंधांसाठी बोलती पुस्तके, वक्तृत्वाचे शिक्षण, भाषांचे उच्चार टिकवणे, बोलणारी घड्याळे आणि खेळणी. संगीतही त्या यादीत होते, पण अनेकांतले एक म्हणून. आणखी एक उपयोग होता कुटुंबाच्या आठवणींचा. घरातल्या माणसांचे बोलणे, आठवणी, मरणाऱ्याचे शेवटचे शब्दही त्यांच्याच आवाजात जपावेत, असे त्याने लिहिले होते.

गाणे आत शिरले

पत्रा चारदोनदा वाजवला की झिजे. एडिसन विजेच्या दिव्याच्या मागे लागला आणि दहा वर्षे फोनोग्राफ बाजूला पडला. मधल्या काळात टेलिफोनकर्त्या अलेक्झांडर ग्रॅहम बेलच्या प्रयोगशाळेत चिचेस्टर बेल आणि चार्ल्स टेंटर यांनी पत्र्याऐवजी मेण वापरले. तेव्हा एडिसनही जागा झाला आणि १८८८ साली त्याने मेणाच्या नळकांड्याचा सुधारित फोनोग्राफ आणला. दोन्ही बाजूंचा भर कचेऱ्यांवर होता. साहेबाने मजकूर यंत्राला सांगावा आणि कारकुनाने तो ऐकून लिहावा, अशी ही योजना. ती फारशी चालली नाही. १८९०च्या सुमारास एडिसनने पोटात छोटा फोनोग्राफ असलेली बोलकी बाहुलीही विकायला काढली. ती लवकर बिघडे आणि तिचा चिरका आवाज मुलांना आवडण्याजोगा नव्हता. तीही बंद पडली.

चालले ते भलतेच. नोव्हेंबर १८८९मध्ये सॅन फ्रान्सिस्कोच्या एका मद्यगृहात लुई ग्लास नावाच्या व्यावसायिकाने नाणे टाकून ऐकायचा फोनोग्राफ ठेवला. कानाला नळी लावायची, नाणे टाकायचे, गाणे ऐकायचे. लोकांनी गर्दी केली. बोलणे विकले जात नाही, गाणे विकले जाते, हे धंद्याला तेव्हा कळले.

पण गाणे विकायचे तर एकाच्या हजार प्रती हव्यात, आणि मेणाच्या नळकांड्याची नक्कल करणे अवघड होते. गवयाला चारसहा यंत्रांसमोर तेच गाणे दिवसभर पुन्हा पुन्हा गावे लागे. ही अडचण एमिल बर्लिनरने सोडवली. जर्मनीत हॅनोव्हरला जन्मलेला हा तरुण १८७०मध्ये अमेरिकेत आला होता. त्याने १८८७ साली ‘ग्रामोफोन’ची नोंदणी केली. नळकांड्याऐवजी सपाट तबकडी आणि सुई वरखाली जाण्याऐवजी डावी-उजवीकडे हलणारी. मूळ तबकडीवरून धातूचा ठसा करायचा आणि पापड लाटावेत तशा त्या ठशाने हव्या तितक्या तबकड्या दाबून काढायच्या. पुढे या तबकड्या लाखेच्या मिश्रणाच्या होऊ लागल्या, आणि लाखेचा जगातला मोठा पुरवठा आपल्या छोटा नागपूरसारख्या जंगलांतून होई. इथली लाख परदेशी गेली आणि तबकडी होऊन परत आली.

या सोयीची एक किंमत होती. फोनोग्राफ घरच्या घरी आवाज भरूही शके आणि ऐकवूही शके. ग्रामोफोन फक्त ऐकवी. आपल्याला पाठ असलेले कुत्र्याचे चित्र आठवा. फ्रान्सिस बॅरो या इंग्रज चित्रकाराने काढलेल्या मूळ चित्रात निपर नावाचा तो कुत्रा नळकांड्याच्या फोनोग्राफपुढे बसला होता. ग्रामोफोन कंपनीने १८९९ साली चित्र घेतले तेव्हा बॅरोने फोनोग्राफ खोडून तिथे ग्रामोफोन रंगवला. मालकाचा आवाज कुत्र्याला ऐकवायचा तर तो आधी भरता यायला हवा, आणि नव्या यंत्रात ती सोयच नव्हती. चित्राचे नाव तेवढे ‘हिज मास्टर्स व्हॉइस’ राहिले. एडिसनच्या यादीतली घरच्या माणसांच्या आवाजाची ओळ त्या खोडण्याबरोबर पुसली गेली, असे म्हटले तरी चालेल.

हिंदुस्थानातले मुद्रण

१९०२च्या ऑक्टोबरअखेर ग्रामोफोन कंपनीचा फ्रेड गाइसबर्ग कलकत्त्याला उतरला. नोव्हेंबरात मुद्रण सुरू झाले आणि त्याच महिन्यात गौहरजान कर्ण्यापुढे उभ्या राहिल्या. मायक्रोफोन नव्हता, विजेवरचे मुद्रण आले ते १९२५नंतर. तोवर तोंड कर्ण्याजवळ नेऊन खणखणीत आवाजात गायचे, आणि तेही सुमारे तीन मिनिटे. तासभर फुलणारा ख्याल तीन मिनिटांत बसवायचा हे गवयांना नवे होते. गाणे संपले की गौहरजान इंग्रजीत आपले नाव सांगत. तबकड्या हॅनोव्हरला तयार होत आणि तिथल्या माणसांना गाणारी कोण हे त्यावरून कळे. १९०८पासून तबकड्या कलकत्त्यालाच तयार होऊ लागल्या.

सगळेच गवई कर्ण्यापुढे आले नाहीत. काहींना तीन मिनिटे अपुरी वाटली, काहींना आपली विद्या अशी बाजारात जाणे नको होते. अल्लादिया खाँसाहेब १९४६पर्यंत होते, पण त्यांचे ध्वनिमुद्रण नाही. त्यांच्या शिष्या, गोव्यातल्या केरीच्या केसरबाई केरकर यांची भैरवी मात्र १९७७ साली व्हॉयेजर यानांबरोबर सोन्याचा मुलामा दिलेल्या तांब्याच्या तबकडीवर अवकाशात गेली. एडिसनच्या पत्र्याला त्या वर्षी शंभर वर्षे झाली होती.

बडोद्याचे आवाज

आता आपल्या शहराकडे वळू. भास्करबुवा बखले यांचा जन्म १८६९ साली बडोदे संस्थानातल्या कठोर गावचा. गाण्याचे पहिले धडे त्यांनी बडोद्यात घेतले. पुढे पुण्यात भारत गायन समाज उभा केला, बालगंधर्वांना आणि मास्टर कृष्णरावांना घडवले, १९१६च्या ‘स्वयंवर’ नाटकाला चाली दिल्या. ते १९२२ साली गेले. तोवर हिंदुस्थानात तबकड्यांचा धंदा वीस वर्षे चालू होता, तरीही बुवांचा आवाज कुठेच नाही. बालगंधर्वांच्या तबकड्यांत त्यांच्या चाली ऐकाव्यात, एवढेच आपल्या हाती उरते.

उलट उदाहरणही बडोद्याचेच. इथल्या गायनशाळेचे संस्थापक मौलाबक्ष यांचे नातू इनायत खाँ यांनी १९०९ साली कलकत्त्यात तबकड्या भरल्या आणि पुढच्याच वर्षी ते अमेरिकेला गेले. पुढे जगाने त्यांना सूफी गुरू म्हणून ओळखले. पण सत्ताविशीतला हा बडोद्याचा गवई कसा गात होता ते आजही ऐकता येते. काही काळ इथल्या दरबारात राहिलेले अब्दुल करीम खाँसाहेब आणि दरबारगायक फैयाज खाँसाहेब यांचेही गाणे तबकडीने राखले.

गवयांचे असे काही तरी राहिले. बोलणाऱ्यांचे काय? डॉ. ग्रिअर्सन यांच्या भाषा-सर्वेक्षणासाठी १९१३पासून पुढे काही वर्षे हिंदुस्थानातल्या भाषा आणि बोली यांचे दोनशेहून अधिक नमुने तबकड्यांवर भरले गेले. बायबलमधली उधळ्या मुलाची गोष्ट माणसांनी आपापल्या बोलीत सांगितली. एडिसनच्या यादीतला भाषा टिकवण्याचा उपयोग हिंदुस्थानात खरा झाला तो असा. पण हे सरकारी काम होते. घरोघरीच्या बोलण्याला असा कोणी वाली नव्हता.

बडोद्याची मराठी कानाला वेगळी लागते. गुजराती शब्द तिच्यात सहज मिसळतात, हेल बदलतो, पुण्याहून आलेला पाहुणा दोन वाक्यांत ओळखतो की हे बडोद्याचे. हीच गोष्ट इंदूर, ग्वाल्हेर, बेळगाव, हैदराबादच्या मराठीची. ही मराठी पुस्तकांत फारशी नाही, कारण लिहिताना आपण सगळे प्रमाणभाषा लिहितो. ती आहे फक्त तोंडात, आणि त्यातली बरीच तोंडे आज ऐंशीच्या पुढची आहेत. नातवंडे शाळेत इंग्रजी आणि मित्रांत गुजराती बोलतात. त्यांच्या मराठीत आजीचा हेल उतरेलच असे नाही.

आवाज भरण्याची सोय सव्वाशे वर्षांपूर्वी घराघरातून निघून कंपन्यांकडे गेली होती. टेपरेकॉर्डरने ती थोडी परत आणली आणि आता ती प्रत्येकाच्या खिशातल्या फोनमध्ये आहे. तरी आपण भरतो ते बहुतेक समारंभ आणि गाणी. या गणपतीत दहा दिवस घरात माणसे जमतील, तेव्हा अर्धा तास वेगळा काढता येईल. घरातल्या सर्वांत वडील माणसाला घराणे इथे कधी आणि कोणाबरोबर आले, वाड्यात कोण कोण राहत असे, मोदकाची उकड कशी काढायची, घरची आरती कोणत्या चालीवर म्हणतात, हे त्यांच्याच भाषेत सांगू द्यावे. मध्ये शब्द सुधारू नयेत. आणि बोलणे संपले की गौहरजानसारखे त्यांना स्वतःचे नाव, गाव आणि तारीख सांगायला लावावी. पन्नास वर्षांनी ऐकणाऱ्याला, हा आवाज कोणाचा, असे विचारावे लागू नये.